मराठी अक्षरांना क्रमांक कसे मिळाले



गेल्या उन्हाळ्यात मंडळाच्या एका ज्येष्ठ सभासदांनी घराचे तळघर आवरायला काढले आणि वार्तापत्राच्या जुन्या अंकांचे एक खोके आमच्या स्वाधीन केले. त्यात १९९० नंतरच्या दहाएक वर्षांचे झेरॉक्स अंक होते आणि तळाशी रबरबँड लावलेल्या बारा फ्लॉप्या. अंक प्लॅस्टिकच्या पारदर्शक पिशव्यांत जपून ठेवलेले होते, पण ही जपणूकच नडली. प्लॅस्टिक मऊ राहावे म्हणून त्यात जे द्रव्य घालतात ते झेरॉक्सची शाई सैल करते. काही वर्षांनी अक्षरे कागद सोडून पिशवीला चिकटतात. रसायनशास्त्र हा आमचा पोटापाण्याचा उद्योग. तरी आमच्याही घरच्या फायली अशाच ठेवलेल्या आहेत, हे कबूल करतो. मुलीकडे आलेल्या एका आजींनी पहिल्या बर्फावर लिहिलेला लेख अर्धा कागदावर होता, अर्धा पिशवीवर.

मग मोठ्या आशेने फ्लॉप्यांकडे वळलो. त्या वाचल्या गेल्या, फायलीही उघडल्या. पण पडद्यावर मराठीचे एकही अक्षर नव्हते. लहान-मोठी इंग्रजी अक्षरे, मधूनच कंस, डॉलरचे चिन्ह, अशी सगळी खिचडी! फाइल बिघडली नव्हती. जे टाइप केले होते तेच तिथे होते. मग मराठी गेली कुठे? या प्रश्नाच्या मागे लागून जे कळले ते सभासदांना सांगावे, म्हणून हा लेख.

संगणकाला अक्षर कळत नाही, त्याला फक्त आकडा कळतो. कोणत्या आकड्याला कोणते अक्षर म्हणायचे हे माणसांनी आपसात ठरवायचे असते. अमेरिकेत असा करार १९६३ साली झाला. त्याचे नाव आस्की. त्यात १२८ जागा; मोठा ‘ए’ ६५ वर आणि, पुढच्या सुधारणेनंतर, लहान ‘ए’ ९७ वर. इंग्रजीपुरते ते छान जमले. आपल्या क-खला मात्र त्यात जागाच नव्हती.

१९९०च्या सुमारास बाहेरदेशी मराठी अंक काढणाऱ्यांनी यावर एक युक्ती काढली. आकडे इंग्रजीचेच ठेवायचे, पण फॉन्टमध्ये इंग्रजी अक्षराच्या जागी देवनागरीचा आकार काढून ठेवायचा. पडद्यावर मराठी दिसे, छापूनही मराठी येई. संगणकाच्या लेखी मात्र ते इंग्रजीच असे. शिवाय प्रत्येक फॉन्टवाल्याची मांडणी वेगळी. तो फॉन्ट गेला की मराठीही गेली. आमच्या फ्लॉप्यांचे नेमके हेच झाले. ज्यांनी रात्री जागून ते टाइप केले त्यांचा यात काही दोष नाही. त्या वेळी हाताशी दुसरे काही नव्हते.

याच काळात भारतात खरे काम चालू होते. कानपूरच्या आयआयटीत मोहन तांबे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी भारतीय लिप्यांसाठी ‘जिस्ट’ हे तंत्र तयार केले. पुढे ते काम पुण्याच्या सी-डॅकमध्ये गेले. सी-डॅकची स्थापना १९८८ची. या प्रयत्नांतून भारतीय मानक ब्यूरोने १९९१ साली ‘इस्की’ हे मानक जाहीर केले. त्यातली कल्पना अशी: आपल्या बहुतेक लिप्या ब्राह्मीच्याच लेकी. क, ख, ग, घ, ङ हा वर्ग बंगालीत आहे तसाच कानडीतही आहे. मग सगळ्यांच्या ‘क’ला एकच आकडा, १७९, का देऊ नये? लिपी बदलायची तर फक्त आकार बदला, मजकूर तोच राहील. आपल्या जुन्या व्याकरणकारांनी उच्चारस्थानानुसार लावलेली वर्णमाला इथे थेट यंत्राच्या कामी आली.

दुसरीकडे, अमेरिकेत जगातल्या सर्व लिप्यांसाठी एकच यादी करण्याचा विचार सुरू होता. १९८८ साली त्याचा पहिला आराखडा जो बेकर यांनी लिहिला. ते झेरॉक्स कंपनीत होते. म्हणजे ज्या कंपनीचे नाव आपण या अंकाच्या प्रतींना देतो तीच! त्या यादीचे नाव युनिकोड. पहिली आवृत्ती १९९१ साली आली. तिने इस्कीची १९८८ची मांडणी घेतली, पण एक बदल केला. प्रत्येक लिपीला १२८ जागांची स्वतंत्र आळी दिली, म्हणजे मजकूर कोणत्या लिपीत आहे हे आकड्यावरूनच कळावे. देवनागरीचा ‘क’ २३२५ वर, बंगालीचा २४५३ वर, गुरुमुखीचा २५८१ वर, गुजरातीचा २७०९ वर. (आकडे नेहमीच्या दशमान पद्धतीत दिले आहेत.) पाहा, दर वेळी बरोबर १२८ची उडी! तमिळमध्ये ख, ग, घ नाहीत, म्हणून तिच्या आळीत ‘क’नंतरची तीन घरे रिकामीच ठेवली आहेत.

या यादीत आकाराला नव्हे, अक्षराला क्रमांक मिळतो. ‘क्ष’ला वेगळा क्रमांक नाही; क, हलन्त आणि ष असे तीन आकडे मिळून तो होतो. ‘कि’मधली वेलांटी आपण ‘क’च्या आधी काढतो, पण ती साठवली जाते ‘क’च्या नंतर, उच्चाराच्या क्रमाने. मराठीचा पाकळीचा ‘ल’ आणि हिंदीचा दांडीचा ‘ल’ यांचा क्रमांक एकच. कोणता दाखवायचा ते फॉन्टने पाहायचे. सोन्याचा अणुक्रमांक ७९ आहे. त्याची नथ केली काय की पाटली केली काय, ७९ बदलत नाही, तसेच हे.

मराठीच्या म्हणून काही अडचणी होत्याच. ‘आचार्याला’ आणि ‘आचाऱ्याला’ यांत केवढा फरक! एकाला नमस्कार करायचा, दुसऱ्याला पंगतीचा हिशेब विचारायचा. हा आडव्या रेघेचा अर्धा र हवा असेल तर २३५३ क्रमांकाचा ‘ऱ’ आणि हलन्त, असे लिहावे लागते. ‘ळ’चेही तसेच. आपल्या वर्णमालेत तो ‘ह’नंतर येतो, यादीत मात्र ‘ल’च्या शेजारी बसला आहे. म्हणून निव्वळ आकड्यांवर विसंबून सभासदांची यादी लावली तर काळे कावळ्यांच्या आधी येतात! मराठीचा क्रम संगणकाला वेगळ्या नियमाने सांगावा लागतो.

‘ॲ’ला तर १९९१ साली जागाच मिळाली नव्हती. ती मिळाली २००८ साली, २४१८ क्रमांकाची. मेंडेलेव्हने १८६९ साली मूलद्रव्यांच्या तक्त्यात काही घरे रिकामी सोडली होती आणि पुढे जर्मेनियमसारखी द्रव्ये सापडून ती भरली. त्याची आम्हाला आठवण झाली. २०१४ साली तर आपल्या मोडीलाही स्वतःची आळी मिळाली. तिचा प्रस्ताव अंशुमान पांडे यांनी मांडला होता. आज युनिकोडमध्ये दीड लाखाहून अधिक अक्षरे आणि चिन्हे आहेत. एकदा दिलेला क्रमांक हलवायचा नाही की काढून घ्यायचा नाही, असा त्यांचा नियम आहे. आम्हाला सगळ्यात मोलाचा वाटतो तो हा नियम. आज टाइप केलेला ‘क’ पन्नास वर्षांनीही २३२५च असेल, फॉन्ट कोणताही असो.

आता मुद्द्याची गोष्ट. खोक्यात ४१ अंक निघाले. त्यांत पहिल्या गणपतीची वर्गणी आहे, जन्माच्या पेढ्यांच्या बातम्या आहेत, आता आपल्यात नसलेल्यांचे लेख आहेत. नवरात्रात एका तरुण सभासदाने विचारले, “माझ्या आजोबांनी इथे काही लिहिले होते का?” आम्हाला सांगता आले नाही. कागद शोधता येत नाही, फ्लॉपी वाचता येत नाही. हे अंक युनिकोडमध्ये पुन्हा टाइप केले तर याचे उत्तर एका क्षणात मिळेल.

त्यासाठी माणसे हवीत. एकाने एक अंक घेतला तरी पुरे. टाइप करताना दोन गोष्टी सांभाळा. ‘ॲटलांटा’मधला ‘ॲ’ एकाच कळीने उमटवा. ‘अ’वर वेगळा चंद्र चढवू नका. दिसायला दोन्ही सारखेच, पण शोधताना संगणक त्यांना दोन वेगळी मानतो. आणि ‘दुसऱ्या’तला ‘ऱ’ नीट तपासा. जुने अंक घरी असतील तर प्लॅस्टिकच्या पिशवीतून आजच बाहेर काढा आणि कागदी पाकिटात ठेवा.

आजींच्या लेखापासून आम्ही सुरुवात केली आहे. पिशवीवरची अक्षरे उलटी उमटली आहेत. ती आरशात धरून वाचतो. दोन परिच्छेद झाले. उरलेले अंक घेऊन संक्रांतीच्या कार्यक्रमात चहाच्या टेबलाशी बसलेले असू. तिळगूळ घ्या आणि जाताना एक अंकही घेऊन जा.