दक्षिणेची पाठशाळा

१७. मोरगावाहून निघून लेखकाचे आजोबा ज्या ‘दक्षिणेच्या पाठशाळेत’ दाखल झाले, ती म्हणजे दख्खनचे कमिशनर चॅप्लिन यांनी ६ ऑक्टोबर १८२१ रोजी पुण्यास विश्रामबागवाड्यात उघडलेली हिंदू पाठशाळा. पेशवाईत दर श्रावणमासी पर्वतीनजीकच्या रमण्यात विद्वान ब्राह्मणांस (आणि विद्वानांच्या नावावर आत शिरलेल्यांसही) कोंडून, दाराशी एकेकास बाहेर सोडताना हातावर रुपये ठेवीत. त्या दक्षिणेच्या रकमेपैकी काही अंश कंपनी सरकारने या पाठशाळेकडे वळविला, आणि न्याय, व्याकरण, ज्योतिष ही शास्त्रे जुन्या शास्त्रीमंडळींच्याच हाती राहू दिली. आजोबांनी साहेबाची चाकरी पत्करली असा गावचा प्रवाद पुढे आला आहे. तो या व्यवस्थेकडे पाहता निराधार ठरतो. दक्षिणेचा काही भाग मराठी ग्रंथरचनेस मिळावा, हा लोकहितवादीप्रभृतींचा अर्ज त्यानंतरचा. पुढील पृष्ठावरील ‘कालेज’ हीच संस्था होय : १८५१ मध्ये इंग्रजी शाळेशी जोडली जाऊन ती पूना कॉलेज झाली, व १८६८ पासून डेक्कन कॉलेज या नावाने येरवड्यास नांदू लागली. — संपा.