विनोदावरील खटला

संस्कृत नाटकांतील विदूषकास राजासमोर थट्टा करण्याची मुभा असे. परंतु ती थट्टा राजाला सोसवेल इतकीच असे. ही मर्यादा ज्याला मान्य नाहीं त्या विनोदकाराचें काय होतें, हें पाहावयाचें असेल तर अमेरिकेंतील लेनी ब्रूस याचें चरित्र अभ्यासण्याजोगें आहे.

ब्रूसचा जन्म १९२५ सालीं न्यूयॉर्क राज्यांत एका ज्यू कुटुंबांत झाला. त्याचें मूळ नांव लेनर्ड आल्फ्रेड श्नायडर. त्याची आई सॅली मार हीहि रंगमंचावर विनोद करीत असे. दुसऱ्या महायुद्धांत आरमारांत चाकरी केल्यावर तो या धंद्यांत शिरला. लॉस एंजेलिसमधील नग्ननृत्याच्या हलक्या क्लबांत काम करतां करतां मनांत येईल तें बोलून पाहण्याची त्याला संवय लागली. पाठ केलेले चुटके सोडून तो धर्मसंस्था, वर्णद्वेष, कामवासना यांविषयीं स्वैर बोलूं लागला. १९६१ च्या फेब्रुवारींत, हिमवादळ चालू असतांहि, कार्नेगी हॉलमध्यें मध्यरात्रीं त्याचा प्रयोग झाला.

त्याच वर्षीं ऑक्टोबरांत सॅन फ्रान्सिस्को येथें अश्लील भाषणाबद्दल त्याला अटक झाली. ज्यूरीनें त्याला निर्दोष सोडलें. पण पुढें शिकागोंत त्याला दोषी ठरविण्यांत आलें, आणि १९६३ सालीं ब्रिटननें त्याला प्रवेश नाकारला.

सर्वांत गाजलेला खटला न्यूयॉर्कचा. १९६४ च्या वसंतऋतूंत ग्रीनिच व्हिलेजमधील कॅफे ओ गो गो येथें परवाना खात्याचा एक निरीक्षक प्रेक्षकांत बसला व त्यानें टिपणें घेतलीं. न्यायालयांत तीं त्यानेंच वाचून दाखविलीं. वाईट प्रयोग निरीक्षकाचा आणि शिक्षा मात्र आपणांस, अशी ब्रूसची तक्रार होती. ती केवळ थट्टा नव्हती. विनोदाचा अर्थ शब्दांइतकाच स्वरांत व विरामांत असतो. दुष्टाचें सोंग दुष्टपणा उघडा करण्यासाठींच आणलेलें असतें. टिपणांत मात्र सोंग गळतें आणि शिवी तेवढी शिल्लक राहते.

बचावासाठीं समाजशास्त्रज्ञ हर्बर्ट गॅन्स, समीक्षक नॅट हेंटॉफ आणि वृत्तपत्रांत सदर लिहिणाऱ्या डोरोथी किलगॅलन यांनीं साक्षी दिल्या. तरीहि नोव्हेंबर १९६४ मध्यें तीन न्यायाधीशांपैकीं दोघांनीं त्याला दोषी ठरविलें, आणि डिसेंबरांत चार महिन्यांची शिक्षा झाली. शिकागोची शिक्षा इलिनॉयच्या सर्वोच्च न्यायालयानें त्याच नोव्हेंबरांत रद्द केली होती, हें ध्यानांत घेण्याजोगें आहे.

ब्रूसला तुरुंगांत जाण्याची वेळ आली नाहीं. कारण अपील चालू असतांना तो मोकळा होता. परंतु परवान्याच्या भीतीनें क्लबांचे मालक त्याला बोलावीनासे झाले. रंगमंचावर तो खटल्याचेच कागद वाचूं लागला, आणि प्रेक्षक कंटाळले. १९६५ सालीं त्याचें दिवाळें वाजलें. अमली पदार्थांचें व्यसन होतेंच. ३ ऑगस्ट १९६६ रोजीं त्यांतच त्याचा अंत झाला. वय अवघें चाळीस.

त्याचा प्रत्येक चुटका उत्तम होता असें कोणी म्हणूं नये. पण त्याच खटल्यांत दोषी ठरलेल्या कॅफेच्या मालकाची शिक्षा पुढें अपिलांत रद्द झाली. २३ डिसेंबर २००३ रोजीं न्यूयॉर्कचे गव्हर्नर जॉर्ज पटाकी यांनीं ब्रूसलाहि मरणोत्तर माफी दिली. त्या राज्याच्या इतिहासांतील अशी ती पहिलीच माफी.

दरम्यान रिचर्ड प्रायर, जॉर्ज कार्लिन इत्यादींनीं त्याचीच वाट रुंद केली. कार्लिनचें एक भाषण नभोवाणीवरून प्रसारित झाल्याचा वाद १९७८ सालीं अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयांत गेला, आणि अशा प्रसारणावर बंधनें घालण्याचा सरकारी अधिकार न्यायालयानें मान्य केला. रंगमंचावर ब्रूसनें ज्या स्वातंत्र्यासाठीं झगडा केला, तें नभोवाणीस त्या मापानें मिळालें नाहीं. कारण रंगमंचाकडे प्रेक्षक आपल्या पायांनीं जातो. आमचा आवाज मात्र मुलेंबाळें असलेल्या घरांत न विचारतां शिरतो. हा भेद रास्त आहे कीं नाहीं, याचा विचार आपण घरबसल्या ऐकणाऱ्यांनींच करावा.