शिक्षा कोणीं थांबवावी?

तुरुंगांत गेलेलें वर्ष मागाहून झालेल्या निर्दोष सुटकेनें परत मिळत नाहीं. म्हणून १८९८ च्या फौजदारी संहितेच्या ४२६ व्या कलमानें, अपिलाचा निकाल लागेपर्यंत शिक्षा तहकूब ठेवण्याचा अधिकार अपील-न्यायालयास दिला. मात्र कारणें लेखी नमूद करण्याचें बंधन घातलें. परंतु अपील दाखल होण्यापूर्वींच्या दिवसांत शिक्षा कोणीं थांबवावी?

हा प्रश्न मुंबईस १९६० सालीं उभा राहिला. जूरीनें निर्दोष ठरविलेले नौदलाचे कमांडर नानावटी यांस उच्च न्यायालयानें ११ मार्च रोजीं खुनाबद्दल जन्मठेप दिली. त्याच दिवशीं राज्यपाल श्रीप्रकाश यांनीं, सर्वोच्च न्यायालयांत व्हावयाच्या अपिलाचा निकाल होईपर्यंत ती शिक्षा तहकूब केली व नानावटींना नौदलाच्या ताब्यांत ठेवविलें. पुढें अपिलाच्या परवानगीचा अर्ज गेला, तेव्हां सर्वोच्च न्यायालयाचा नियम आडवा आला: अर्जदारानें आधीं शिक्षेस शरण गेलें पाहिजे.

५ सप्टेंबर १९६० रोजीं सरन्यायाधीश सिन्हा, गजेंद्रगडकर आदि पांच न्यायमूर्तींच्या पीठानें बहुमतानें निर्णय दिला. प्रकरण न्यायालयापुढें येईपर्यंत राज्यपालांस शिक्षा थांबवितां येईल; तें आल्यावर तो अधिकार न्यायालयाचा. न्यायमूर्ति कपूर यांनीं मात्र भिन्न मत नोंदविलें.

२४ नोव्हेंबर १९६१ रोजीं अपील फेटाळलें गेलें. १९६४ सालीं राज्यपाल विजयालक्ष्मी पंडित यांनीं माफी दिली. दयेचें दार अशा रीतीनें उघडेंच राहिलें. परंतु खटला चालू असतां न्यायासनाच्या हातांतील तराजू दुसऱ्या कोणास धरतां येत नाहीं, हें या प्रकरणानें ठरविलें.