लिपी कोणाच्या हाती?

२०२३ साली मराठवाड्यात कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला, तेव्हा आमच्या धाराशिव जिल्ह्यातही निजामकाळातले मोडी आणि उर्दू दस्तऐवज बाहेर निघाले. वाचणारे मोजकेच होते. पणजोबांची नोंद पणतूला वाचता येईना. मोडी तर रोजच्या व्यवहाराची लिपी. तिची ही गत वापर सुटल्यामुळे झाली. मराठीत एक लिपी मात्र परक्याला वाचता येऊ नये म्हणूनच घडवली गेली. तिचा विचार मला या निमित्ताने करावासा वाटतो.

ती महानुभावांची सकळ लिपी. परंपरा तिचे कर्तृत्व चौदाव्या शतकातील ‘सह्याद्रिवर्णन’कार रवळोबासांना देते. भाषा मराठीच, देवनागरी अक्षराच्या जागी ठरावीक दुसरे चिन्ह. सुंदरी, अंक अशा आणखीही सांकेतिक लिपी पंथात होत्या. चक्रधरांच्या आठवणी पंथाला पवित्र, आणि भोवती विरोध. ग्रंथांची विटंबना होऊ नये, ही काळजी समजण्याजोगी आहे.

पण तिची किंमत मोठी पडली. ‘लीळाचरित्र’ हा मराठीचा आद्य गद्य चरित्रग्रंथ, महदंबेचे ‘धवळे’ हे आद्य कवयित्रीचे काव्य; तरी एकोणिसाव्या शतकातील बहुतेक मराठी वाचकांना हे दालन अपरिचितच होते. पंथाविषयीचे गैरसमज खोडू शकणारे ग्रंथच कुलपात होते. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपीचा उलगडा केला, तेव्हा प्राचीन मराठीचा इतिहास नव्याने मांडावा लागला.

अमेरिकेतील चेरोकी जमातीच्या सिक्वोयाने उलट वाट धरली. त्याला इंग्रजी वाचता येत नव्हते. तरी १८२१पर्यंत त्याने आपल्या भाषेच्या उच्चारांसाठी ८६ चिन्हे बसवली आणि पहिला धडा मुलीला दिला. काही वर्षांतच जमातीत साक्षरता पसरली. १८२८मध्ये ‘चेरोकी फिनिक्स’ हे वृत्तपत्र निघाले. १८३८ची सक्तीची हकालपट्टी लिपीने टळली नाही. मात्र विस्थापित माणसांबरोबर ती पश्चिमेकडे गेली, कारण ती घराघरात पोचली होती.

रवळोबासांच्या लिपीने ग्रंथ राखले, याचे ऋण मी मानतो. पण ते मराठीच्या पदरी पडले वाचक मिळाल्यावरच. आज दप्तरखान्यांतल्या मोडी कागदांची छायाचित्रे काढून ठेवणे पुरेसे नाही. गावोगावी मोडी वाचणारी दोन-चार तरुण माणसे तयार व्हायला हवीत.