बकासुराची बंडी

उन्हाळ्यात वर्ध्याजवळच्या नालवाडीच्या आमच्या अंगणात बाजा पडल्या की आजीची लढाई सुरू व्हायची. तिच्याकडे लढाई एकच होती, बकासुराची. कुरुक्षेत्र दूर, लंका त्याहून दूर; केळझर मात्र नागपूर रोडवर, सेलूच्या पुढे. केळझर म्हणजेच महाभारतातली एकचक्रा नगरी, असं आमच्याकडे सगळे मानतात. त्यामुळे भीमानं राक्षस मारला ती जागा एसटीच्या तिकिटात बसणारी होती. आम्हा पोट्ट्यांना ह्याचा भारी अभिमान.

मूळ कथेत बकासुराचा रोजचा कर ठरलेला आहे: गाडाभर भात, दोन रेडे आणि गाडी घेऊन येणारा माणूस. आजीच्या बंडीत भात कमी. ज्वारीच्या भाकरी, अंबाडीची भाजी, तुरीचं वरण, वर मिरचीचा ठेचा. ही बंडी भरण्यातच अर्धा तास जाई. कोणाच्या घरून काय आलं, कोणी तेल कमी घातलं, सगळं. मग कुंतीनं भीमाला पाठवणं. मग रस्ता. बंडी केळझरला पोचेपर्यंत आमच्यातले दोघंतिघं झोपलेले असत.

जागे असत ते विचारत, ‘‘मंग, भीमानं राक्षसाले हाक मारली?’’

‘‘मारली ना बाप्पा. पण पह्यले जेवाले बसला थो.’’

भीम जेवतोय, मागून बकासुर पाठीवर बुक्क्या हाणतोय आणि भीम वळूनही पाहत नाही. हे आजीनं रचलेलं नव्हतं, महाभारतातच आहे. ‘‘काहून उठला नाही?’’ असं विचारलं की ती म्हणे, ‘‘भूक लागली होती त्याले.’’ प्रत्यक्ष झुंज तिच्याकडे दोन वाक्यांची. झाड उपटलं, गुडघ्यावर धरून कंबर मोडली, झालं. आम्ही चिडायचो. एवढी बंडी भरून आणली आणि लढाई इतकीशी?

पुढे कॉलेजात असताना कळलं की आमच्या अंगणापासून काही कोसांवर पंधराएकशे वर्षांपूर्वी कोणीतरी हेच केलं होतं, आणि तो कोणी साधासुधा माणूस नव्हता. वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन, पाचव्या शतकातला. त्याची राजधानी प्रवरपूर म्हणजे आपलं पवनार, असं वा. वि. मिराशींनी मांडलं. काही अभ्यासक ती रामटेकजवळच्या मनसरला नेतात. पण मी नालवाडीचा, माझं मत मोजू नका. ह्या राजानं रामरावणाच्या युद्धावर काव्य लिहिलं, ‘सेतुबंध’. संस्कृतात नाही, महाराष्ट्री प्राकृतात, म्हणजे आपल्या मराठीच्या पणजीच्या बोलीत. सातव्या शतकातल्या बाणभट्टानं त्याची वाखाणणी केली. कालिदासानं राजाला हात दिला अशीही आख्यायिका आहे. मोठा कवी जवळपास असला की लोक असं म्हणतातच.

राजा स्वतः शिवभक्त. त्याची आई प्रभावतीगुप्ता मात्र रामगिरीच्या, म्हणजे रामटेकच्या, देवाची भक्त. ही लढाई त्यानं लहानपणी आईकडूनच ऐकली असणार, असं मला आपलं वाटतं. पुरावा काही नाही. पण आजीकडून लढाई ऐकलेल्या माणसाला असं वाटणारच.

काव्याचे पंधरा आश्वास आहेत. सुरुवात शरद ऋतूनं. मग समुद्र, त्याचं वर्णन संपता संपत नाही. मग वानर डोंगर उपटतात, खांद्यावर आणतात, पाण्यात टाकतात. समुद्र उसळतो, मासे घाबरतात, डोंगरावरची हरणं बुडतात. निम्म्याहून जास्त काव्य होतं तरी कोणी कोणाला मारलेलं नाही. रावण पडतो तो पार शेवटी. नावही युद्धाचं नाही, पुलाचं. (‘रावणवध’ हे दुसरं नाव आहे म्हणा, पण रुळलं ते सेतुबंधच.) बंडी भरायला वेळ लागतो, हे राजालाही ठाऊक होतं.

आजोबांची, म्हणजे आबाजींची, गोष्ट वेगळी, ती खरी घडलेली. १९३२च्या डिसेंबरात विनोबा नालवाडीला राहायला आले. त्याच वर्षी धुळ्याच्या तुरुंगात त्यांनी गीतेवर प्रवचनं दिली होती. बाराव्या अध्यायावर बोलताना त्यांना राम आणि भरत यांची भेट आठवली: एक वनात राहून आलेला, एक घरात राहून तप केलेला, दोघांत कोण कोणता हे ओळखू येऊ नये, ह्याचं चित्र कोणी काढलं तर किती छान होईल, असं ते म्हणाले होते. नालवाडीत ते सूत कातत राहिले, त्या मजुरीत भागतं का हे स्वतःवर करून पाहिलं. शरीर पार खंगलं. १९३८ साली गांधीजींच्या सांगण्यावरून विश्रांतीसाठी पवनारला गेले. धाम नदीचा पूल ओलांडताना त्यांनी सगळे विचार सोडून दिले, असं ते स्वतःच पुढे सांगत. आबाजी तेव्हा पोरगेले होते. ‘‘विनोबा आपल्या गावातून गेले,’’ हे ते शेवटपर्यंत जरा रुसूनच सांगायचे.

पवनारला प्रकृती सुधारावी म्हणून विनोबा थोडं थोडं खणत. त्या खणण्यात एक शिळा लागली, प्राचीन, कोरीव. विनोबांनी पाहिलं, ती भरतभेट होती. पवनारला सापडलेल्या अशा शिळांमध्ये मिराशींनी रामायणातले प्रसंग ओळखले, वाली आणि सुग्रीव यांची झुंजही. इतर काही अभ्यासकांना त्यांत कृष्णकथा दिसते. तो वाद चालू दे.

आजीला मी एकदा तिथे घेऊन गेलो होतो. झुंजीच्या शिळेपुढे ती क्षणभर थांबली, ‘‘हे पोट्टे भांडून राहिले,’’ म्हणाली आणि पुढे गेली. भरतभेटीपुढे मात्र बराच वेळ उभी राहिली, डोक्यावरचा पदर सारखा केला आणि विचारलं, ‘‘इथं जेवाले भेटते का?’’