मंडालेचा राजा, रत्नागिरीचा शेजारी

रत्नागिरीच्या एसटी स्थानकाबाहेर रिक्षात बसून नुसते 'थिबा' म्हटले, की चालकाचा एकच प्रश्न येतो, 'पॅलेस की पॉईंट?' थिबा कोण, हे सांगावे लागत नाही. राजवाडा त्याच्या नावाचा, रस्ता त्याच्या नावाचा आणि सायंकाळी खाडीवरचा सूर्यास्त पाहायला गर्दी होते ती जागाही त्याच्याच नावाची. हा राजा मात्र कोकणातला नव्हता. तो येथे हौसेनेही आला नव्हता. इंग्रजांनी त्याला ब्रह्मदेशातून उचलून आणून येथे ठेवले होते.

गंमत अशी, की 'थिबा' हे मुळात माणसाचे नावच नव्हे. ब्रह्मी राजघराण्यात राजपुत्रांना एखाद्या परगण्याचे उत्पन्न तोडून दिले जाई आणि त्या परगण्याच्या नावानेच ते ओळखले जात. १८५९ साली जन्मलेल्या या राजपुत्राच्या वाट्याला शान प्रांतातले थिबॉ हे गाव आले. त्या गावाचे नाव राजाला मिळाले, राजाचे रत्नागिरीला मिळाले आणि मराठी जिभेवर घोळून त्याचे 'थिबा' झाले. त्याच्या राजधानीचे मंडाले हे नाव आपल्या परिचयाचे आहे. तिचे दरबारी नाव मात्र पाली भाषेतले, 'रतनपुण्ण', म्हणजे रत्नपूर्ण. रत्नपूर्णाच्या राजाची रवानगी रत्नागिरीत झाली. साहेबाने गाव निवडताना हा विचार केला असण्याची शक्यता अर्थातच नाही.

वहाणा आणि ओंडके

थिबाचे राज्य गेले ते लाकडाच्या ओंडक्यांपायी. ब्रह्मदेशातल्या सागवानाचा मक्ता बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन या मुंबईच्या कंपनीकडे होता. कंपनीने तोडलेल्या ओंडक्यांची संख्या कमी दाखवून महसूल बुडवला, असा ठपका ठेवून १८८५ मध्ये मंडालेच्या दरबाराने तिला सुमारे २३ लाख रुपयांचा दंड ठोठावला. इंग्रजांना निमित्तच हवे होते. मंडालेत फ्रेंचांचे वजन वाढत असल्याने ते आधीच अस्वस्थ होते. नोव्हेंबर १८८५ मध्ये सुरू झालेले युद्ध पंधरवड्यात आटोपले आणि राजाराणींना बैलगाडीतून नदीकाठच्या आगबोटीवर नेण्यात आले. १ जानेवारी १८८६ रोजी ब्रह्मदेशचे उरलेले राज्यही इंग्रजी साम्राज्यात सामील झाल्याचे जाहीर झाले. राजाचा जन्मदिवसही १ जानेवारी हाच. सत्ताविसाव्या वाढदिवसाची ही भेट तो जन्मभर विसरला नसणार.

त्याआधीची दहा वर्षे दोन्ही दरबारांत एक वेगळाच तंटा धुमसत होता. मंडालेच्या राजासमोर जाताना पादत्राणे काढून जमिनीवर बसावे लागे. इंग्रज वकिलांना यापुढे बूट काढू नयेत, अशी तंबी कलकत्त्याहून मिळाली आणि राजाची भेटच बंद पडली. इतिहासाच्या पुस्तकांत यास 'बुटांचा प्रश्न' असे भारदस्त नाव आहे. पडवीत पाऊल टाकण्यापूर्वी वहाणा पायरीशी काढणाऱ्या कोकणी माणसाला यात प्रश्न कोणता, हेच कळणार नाही. निदान या एका बाबतीत तरी राजा योग्य गावी आला म्हणायचा.

थिबाची बाजू घेताना मंडालेतली काळी पानेही विसरता येत नाहीत. त्याच्या राज्यारोहणानंतर काही महिन्यांतच, १८७९ मध्ये, गादीवर हक्क सांगू शकतील अशा अनेक भाऊबंदांची राजवाड्यातच हत्या करण्यात आली. आज्ञा राजाची, सासूची की मंत्र्यांची, यावर इतिहासकारांत वाद आहे. रत्नागिरीच्या आठवणीतला थिबा मात्र शांत, हळवा आणि कर्जबाजारी गृहस्थ आहे. दोघे एकच होते, हे पटायला वेळ लागतो.

चोवीस वर्षे भाड्याच्या घरात

काही महिने मद्रासेत काढल्यावर एप्रिल १८८६ मध्ये हे राजकुटुंब बोटीने रत्नागिरीस पोहोचले. गावाची निवड विचारपूर्वक झाली होती. रेल्वे नव्हती, घाट अवघड होते आणि पावसाळ्यात बंदर बंद पडे. म्हणजे वर्षातले चार महिने राजाला पळून जायचे म्हटले तरी बोट मिळणार नव्हती. बंदिवानाला ठेवण्यासाठी अशी जागा सरकारला पुढेही सोयीची वाटली. अंदमानातून आणि नंतर येरवड्यातून सुटलेल्या स्वातंत्र्यवीर सावरकरांना १९२४ ते १९३७ या काळात रत्नागिरी जिल्ह्यातच स्थानबद्ध करण्यात आले होते.

आज पर्यटक जो राजवाडा पाहतात, तो बांधून होण्यास १९१० साल उजाडले. तोवर चोवीस वर्षे राजाराणी आणि चार राजकन्या सरकारने दिलेल्या बंगल्यांत राहिल्या. चौथी कन्या तर रत्नागिरीतच जन्मली. घराचा ताबा मिळण्यासाठी चोवीस वर्षे वाट पाहणाऱ्या या राजाविषयी मुंबई-पुण्याच्या वाचकास विशेष आपुलकी वाटावी. नवी वास्तू मात्र देखणी झाली. जांभ्या दगडाची तीन मजली इमारत, उतरती छपरे, अर्धवर्तुळाकार नक्षीदार लाकडी खिडक्या, रंगीत काचा, पहिल्या मजल्यावर संगमरवरी फरशीचे नृत्यदालन आणि मागील बाजूस राजाने आणलेली बुद्धमूर्ती. लाकूड ब्रह्मी सागवान असल्याचे सांगतात. तसे असेल तर ज्या सागवानापायी राज्य गेले, तेच छप्पर होऊन पुन्हा डोक्यावर आले. या घराचा उपभोग राजाला जेमतेम सहा वर्षे मिळाला. डिसेंबर १९१६ मध्ये तो वारला. त्याने राज्य केले सात वर्षे आणि रत्नागिरीत काढली तीस.

थिबा पॉईंटविषयी एक हृद्य कथा नेहमी ऐकवली जाते. राजा म्हणे सायंकाळी तेथे येऊन समुद्राकडे, मायदेशाच्या दिशेने टक लावून बसे. कथा ऐकताना डोळे पाणावतात खरे. परंतु रत्नागिरीचा समुद्र पश्चिमेला आणि ब्रह्मदेश पूर्वेला. समुद्राकडे पाहणाऱ्या राजाची मायदेशाकडे पाठच होणार! शिवाय त्याला आवाराबाहेर पडण्यासाठी परवानगी लागे. दुसरी कथा माणकाची. 'न्गा मौक' नावाचे एक अनमोल माणिक राज्य गेले त्या दिवसांत कर्नल स्लेडन या इंग्रज अधिकाऱ्याने पाहण्यासाठी म्हणून घेतले आणि परत केलेच नाही, अशी राजाची तक्रार होती. ते परत मिळावे म्हणून त्याने रत्नागिरीतून सरकारकडे दादही मागितली. माणिक सापडले नाही. प्रत्यक्षात सोबत आणलेले दागिने विकून आणि सावकारांकडून कर्ज काढून राजाचा संसार चालला होता.

मंडाले-रत्नागिरी अदलाबदल

मराठी माणसाला मंडाले हे नाव ठाऊक आहे ते दुसऱ्याच कारणाने. लोकमान्य टिळकांचा जन्म २३ जुलै १८५६ रोजी रत्नागिरीत झाला. राजद्रोहाच्या शिक्षेत १९०८ ते १९१४ अशी सहा वर्षे त्यांना मंडालेच्या तुरुंगात काढावी लागली. मंडालेत जन्मलेला राजा रत्नागिरीत आणि रत्नागिरीत जन्मलेला लोकमान्य मंडालेत, अशी ही अदलाबदल. १९१० च्या अखेरीस थिबा नव्या राजवाड्यात राहायला गेला. त्याच हिवाळ्यात टिळक मंडालेच्या कोठडीत 'गीतारहस्य' लिहीत होते. इंग्रजांची ही सवय जुनीच होती. दिल्लीचा बादशहा बहादूरशहा जफर रंगूनला पाठवला गेला आणि १८६२ मध्ये तेथेच वारला.

राजकन्येची लेक

या साऱ्या कथांमध्ये रत्नागिरीकरांच्या सर्वांत जवळची ठरली ती टूटूची. थोरली राजकन्या आणि राजाच्या बंगल्यावरचा पहारेकरी गोपाळ भाऊराव सावंत यांचे प्रेम जमले आणि १९०६ मध्ये त्यांना कन्या झाली. मंडालेत अशा पहारेकऱ्याला राजकन्येकडे मान वर करून पाहताही आले नसते. राजाच्या निधनानंतर १९१९ मध्ये राणी सुपयालत ब्रह्मदेशी परतली. थोरली राजकन्या मात्र पुन्हा रत्नागिरीस आली आणि १९४७ मध्ये विपन्नावस्थेत येथेच वारली. टूटू मराठीतच वाढली. तिने शंकर पवार या मोटारचालकाशी लग्न केले, कागदी फुले करून विकली, पोटच्या मुलांबरोबर निराधार मुलेही सांभाळली. मंडालेच्या शेवटच्या राजाची ही नात २००० मध्ये रत्नागिरीत वारली. शेजाऱ्यापाजाऱ्यांना ती शेवटपर्यंत आपल्यातलीच एक वाटे.

राजाचे शव मायदेशी नेण्याची राणीची विनंती इंग्रजांनी फेटाळली होती. मंडालेत त्याची समाधी झाली तर तेथे लोक जमतील, ही भीती. अखेर १९१९ मध्ये थिबा आणि त्याच्या आधी वारलेली धाकटी राणी यांना रत्नागिरीतच चिरविश्रांती देण्यात आली. ब्रह्मदेश १९४८ मध्ये स्वतंत्र झाला, त्याचे नाव बदलून म्यानमार झाले, परंतु समाधी जागची हलली नाही. राजवाडा आज राज्य संरक्षित स्मारक आहे. समाधी मात्र वस्तीने वेढलेल्या एका लहानशा आवारात असून राजवाडा पाहून परतणारे बरेचसे पर्यटक तिकडे फिरकतही नाहीत. डिसेंबर २०१२ मध्ये म्यानमारचे तत्कालीन राष्ट्राध्यक्ष थेन सेन येथे आले आणि समाधीपुढे नतमस्तक झाले. रंगूनमध्ये बहादूरशहाच्या कबरीवर भारतीय नेते फुले वाहतात, तसेच हे. दोन्ही राजे अजून एकमेकांच्या देशात आहेत.