जप्त वाळूवाहने : न्यायालयीन नियंत्रण

नदीपात्रातून विनापरवाना वाळू उपसल्याच्या किंवा वाहून नेल्याच्या संशयावरून अटकावलेले ट्रॅक्टर, डंपर, जेसीबी, पोकलेन इत्यादींचा ताबा कोणाकडे राहावा, ते मालकाला कोणत्या अटींवर परत मिळावेत आणि केव्हा सरकारजमा व्हावेत, यांवर भारतातील न्यायालये ठेवीत असलेली देखरेख. साधी वाळू हे गौण खनिज असून त्याविषयी नियम करण्याचा अधिकार खाण व खनिजे (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम १५ ने राज्यांना दिलेला आहे. त्यामुळे एकाच वाहनाला केंद्राचा खनिज कायदा, राज्याचा महसूल कायदा आणि सर्वसाधारण फौजदारी कायदा असे तिन्ही एकाच वेळी लागू शकतात, आणि या विषयातील बहुतेक वाद त्यातूनच उद्भवतात.

केंद्रीय अधिनियमाच्या कलम २१(४) नुसार अधिकृत अधिकारी वाहन जप्त करू शकतो, परंतु ते कायमचे सरकारजमा करण्याचा आदेश कलम २१(४अ) नुसार केवळ त्या गुन्ह्याची दखल घेण्यास सक्षम असलेले न्यायालयच देऊ शकते. महाराष्ट्रात मात्र नित्याची कारवाई महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ खाली होते. उपसलेल्या वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड आकारता येतो, तसेच अटकावलेले वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून खालच्या दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यासमोर हजर करावे लागते. हा अधिकारी विहित दंड भरून घेऊन, आणि वाहन पुन्हा अशा कामी वापरणार नाही असे वैयक्तिक बंधपत्र घेऊन, ते सोडू शकतो.

सारी भिस्त पंचनाम्यावर असते. वाहनाचा नोंदणी, इंजिन व चासी क्रमांक, टायर व बॅटरीची स्थिती, ट्रॉलीतील वाळूचे ब्रासमध्ये (एक ब्रास म्हणजे १०० घनफूट) घेतलेले माप आणि वाहतूक परवान्यावरील वेळ यांची नोंद तलाठी किंवा मंडळ अधिकारी जागेवर करतो. वाहन पात्रात भरले जात होते, रस्त्याने जात होते की रिकामे उभे होते, हे पुढे याच कागदावरून ठरवावे लागते. घाईत, ठराविक मजकुराचा पंचनामा केला की खरा दोषी सुटतो आणि निर्दोष मालक अडकतो, इतके या कागदाचे मोल आहे.

गुन्हा नोंदवला गेल्यास वाहन मुद्देमाल ठरते आणि खटला चालू असताना त्याचा ताबा देण्याचा प्रश्न दंडाधिकाऱ्यापुढे येतो. पोलीस ठाण्यातील मुद्देमालाच्या अपहाराच्या आरोपांवरून गुजरातमध्ये उद्भवलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये सांगितले की, जप्त वाहने ठाण्याच्या आवारात दीर्घकाळ पडू देण्यात अर्थ नाही. छायाचित्रे, पंचनामा आणि पुरेसे बंधपत्र व हमी घेऊन ती परत द्यावीत. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ ने याला मुदतीची जोड दिली असून, न्यायालयाने १४ दिवसांत मालमत्तेचे विवरण तयार करावे आणि त्यानंतर ३० दिवसांत तिच्या विल्हेवाटीचा आदेश द्यावा, अशी तरतूद त्यात आहे. उन्हापावसात गंजणारा, टायर चिरलेला ट्रॅक्टर मालकाच्याही कामाचा राहत नाही आणि लिलावात शासनालाही किंमत देत नाही, म्हणून ही मुदत काटेकोर पाळली जाणे अत्यावश्यक आहे.

खनिज कायद्याखालील गुन्ह्याची दखल न्यायालय केवळ अधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरूनच घेऊ शकते (कलम २२). तथापि नदीतील वाळू नेणे ही शासकीय मालमत्तेची चोरीही ठरू शकत असल्याने पोलिसांना त्या आरोपाखाली स्वतंत्र कारवाई करता येते, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिला. खनिज अधिनियमाखाली दंड भरून प्रकरण तडजोडीने मिटवले, तरी चोरीचा आरोप त्यामुळे संपत नाही, हे २०२० च्या निर्णयात स्पष्ट झाले.

वाहन सोडण्याबाबत उच्च न्यायालयांचा कल एकसारखा नाही. मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठाने २०१८ मध्ये अशी वाहने न सोडता सरकारजमा करण्याची कारवाई सुरू करावी, अशी कठोर भूमिका घेतली. उलट गुजरातच्या २०१७ च्या नियमांखाली ४५ दिवसांत न्यायालयात तक्रार दाखल न झाल्यास वाहन अडकवून ठेवता येत नाही, असे तेथील उच्च न्यायालयाने ठरविले. उपशाने पात्र खोल जाऊन काठच्या विहिरींचे पाणी आटते, त्यामुळे मद्रासची कठोरता समजण्यासारखी आहे. परंतु वेळेत तक्रारही न करणाऱ्या यंत्रणेच्या दिरंगाईचा भार मालकावर टाकणे न्याय्य नाही, आणि गुजरातचा मार्ग अधिक ग्राह्य वाटतो. सोडलेले वाहन पुन्हा पकडले गेल्यास बंधपत्राच्या रकमेची वसुली करता येते, मात्र त्यासाठी आधीच्या सुटकेचा आदेश नव्या पंचनाम्यासोबत अधिकाऱ्यापुढे ठेवला जावा लागतो.